मोजता मोजता संपलेलं वटवाघूळ



ज्यांच्या स्मरणार्थ आपण दरवर्षी इथे जमतो, ते आयुष्यभर शिक्षक होते. शिक्षकाच्या नावाने होणाऱ्या व्याख्यानाची शोकसभा होऊ नये, असं मला वाटतं. तरीही आज मी तुम्हाला एका मृत्यूची हकिगत सांगणार आहे. या मृत्यूची तारीख आपल्याला माहीत आहे, जागा माहीत आहे, आणि तो टाळण्याचा प्रयत्न वेळेवर झाला नाही, हेही माहीत आहे. २६ ऑगस्ट २००९. त्या रात्रीनंतर पृथ्वीवरच्या एका सस्तन प्राण्याचा आवाज पुन्हा कुणाला ऐकू आला नाही.

तो प्राणी म्हणजे एक वटवाघूळ. वजन तीन ते साडेचार ग्रॅम, म्हणजे आपल्या खिशातल्या रुपयाच्या नाण्याएवढं. ते राहत होतं ख्रिसमस बेटावर, आणि त्या बेटाखेरीज जगात दुसरीकडे कुठेही नव्हतं.

आधी त्या वटवाघळाची हकिगत सांगतो. मग आपल्या भागाकडे येतो, आणि शेवटी आपल्याला काय करता येईल ते बोलतो. पहिल्या भागाला मी जास्त वेळ घेणार आहे. तो नीट समजला, तर पुढचं फारसं समजावून सांगावं लागणार नाही.

ख्रिसमस बेट हिंदी महासागरात आहे. जावा बेटापासून दक्षिणेला साधारण ३५० किलोमीटरवर. सत्ता ऑस्ट्रेलियाची, पण ऑस्ट्रेलियाची मुख्य भूमी तिथून दीड हजार किलोमीटर दूर. बेटाचं क्षेत्रफळ १३५ चौरस किलोमीटर. आपला नगर जिल्हा सतरा हजार चौरस किलोमीटरचा, राज्यात सर्वांत मोठा. आपल्या जिल्ह्यात अशी सव्वाशे बेटं मावतील. १६४३ मध्ये नाताळच्या दिवशी ईस्ट इंडिया कंपनीचं एक जहाज त्या बाजूने चाललं होतं, त्याच्या कप्तानाने बेटाला हे नाव दिलं. त्यानंतर जवळजवळ अडीचशे वर्षं तिथे वस्ती नव्हती. घनदाट जंगल, समुद्रपक्षी, आणि जमिनीवर कोट्यवधी लाल खेकडे.

माणूस तिथे गेला तो फॉस्फेटसाठी. जॉन मरे नावाच्या समुद्रशास्त्रज्ञाने बेटावरच्या खडकात फॉस्फेट असल्याचं ओळखलं, १८८८ मध्ये ब्रिटनने बेट ताब्यात घेतलं, आणि खाणी सुरू झाल्या. शेतीच्या खतासाठी लागणारं फॉस्फेट. खाणींनी बेट बदलून टाकण्याआधी तिथे काय काय आहे याची नोंद व्हावी, म्हणून चार्ल्स अँड्र्यूज हे ब्रिटिश म्युझियमचे अभ्यासक १८९७-९८ मध्ये तिथे जाऊन राहिले. त्यांनी १९०० मध्ये या छोट्या वटवाघळाचं शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केलं आणि त्याला मरे यांचं नाव दिलं.

हे अँड्र्यूज १९०८ मध्ये पुन्हा त्या बेटावर गेले. पहिल्या भेटीत त्यांनी तिथले दोन जातींचे देशी उंदीर पाहिले होते. त्यातली एक जात तर इतकी मुबलक, की रात्री तंबूत शिरून सामान कुरतडायची. दुसऱ्या भेटीत त्या दोन्ही जातींतला एकही उंदीर सापडला नाही. दहा वर्षांत दोन जाती संपल्या! १८९९ च्या सुमारास ‘हिंदुस्तान’ नावाच्या जहाजातून काळे उंदीर बेटावर उतरले होते. त्यांच्या रक्तात एक परजीवी होता, आणि बेटावरच्या उंदरांना त्या रोगाची कधी ओळखच नव्हती. शंभर वर्षांनी संग्रहालयात जपलेल्या कातड्यांतल्या डीएनएची तपासणी झाली, तेव्हा या गोष्टीला पुरावा मिळाला.

म्हणजे बेटावरच्या जीवांचं काय होऊ शकतं, याचा धडा १९०८ मध्येच मिळालेला होता. पुढे १९८५ नंतर तिथली चिचुंद्रीही कुणाला दिसली नाही.

वटवाघूळ मात्र टिकलं. खाणी झाल्या, जंगलाचा मोठा तुकडा गेला, महायुद्धात जपानी सैन्य आलं आणि गेलं, १९५८ मध्ये बेट ऑस्ट्रेलियाकडे आलं, पुढे बेटाच्या साठ टक्क्यांहून अधिक भागाचं राष्ट्रीय उद्यान झालं. १९८० च्या दशकात पाहणी झाली, तेव्हा हे वटवाघूळ बेटावर सर्वत्र होतं. दिवसा ते वाळलेल्या झाडाच्या सुटलेल्या सालीखाली किंवा केवड्यासारख्या झाडांच्या सुकलेल्या पानांत लपायचं, आणि अंधार पडताना कीटक टिपायला निघायचं. मादीला वर्षाला एकच पिल्लू. वटवाघळांबद्दल लोकांचा एक मोठा गैरसमज आहे. आकार उंदराएवढा, म्हणून वीणही उंदरासारखी असेल असं वाटतं. वटवाघळं सावकाश वाढतात, थोडी पिल्लं घालतात आणि आकाराच्या मानाने फार जगतात. अशा प्राण्यांची संख्या एकदा खाली आली की ती पटकन भरून निघत नाही.

१९९४ मध्ये पुन्हा पाहणी झाली. वटवाघूळ बेटाच्या पूर्वेकडून दिसेनासं झालं होतं. १९९८ मध्ये आणखी कमी. त्यानंतरच्या प्रत्येक पाहणीत ते पश्चिमेला सरकत, आटत चाललेलं होतं. इथे मी तुमचं लक्ष एका गोष्टीकडे वेधतो. या वटवाघळाचा आवाज आपल्या कानांना ऐकू येत नाही, इतका तो उंच पट्टीतला असतो. पण तो टिपणारी यंत्रं आहेत. ती यंत्रं जंगलात लावलेली होती. रात्री किती वेळा वटवाघूळ जवळून गेलं याची मोजदाद होत होती. आकडे येत होते, आलेख निघत होते, आणि आलेख खाली चाललेला होता. कुणाला पत्ता नव्हता असं नाही. फार थोड्या प्राण्यांचा अंत इतक्या बारकाईने नोंदला गेला असेल.

मग प्रश्न येतो, हे का होत होतं?

संशयित पुष्कळ होते. जहाजांतून आलेले काळे उंदीर होते, मोकाट मांजरं होती. परदेशातून आलेल्या पिवळ्या मुंग्या होत्या. १९८९ पासून त्यांच्या प्रचंड वसाहती दिसू लागल्या आणि त्यांनी लाखोंनी लाल खेकडे मारले. मोठ्या गोमा होत्या. आणि १९८७ मध्ये पहिल्यांदा दिसलेला एक साप होता, आपल्याकडे घराच्या भिंतीत सापडतो त्या कवड्याचा सख्खा नातेवाईक. झाडावर चढणारा, रात्री फिरणारा, फटीत शिरणारा. बेटावरचे सरडे आणि पाली ज्या काळात नाहीशा होत होत्या, त्या काळाशी या सापाचा प्रसार जुळतो. वटवाघळाचा घातही त्यानेच केला का? संशय दाट आहे, पण सिद्ध झालेलं नाही. आजही नाही. तपास चालू राहिला, आणि ज्याच्यासाठी तपास चालला होता तेच राहिलं नाही.

आता २००९ या एका वर्षाकडे या. तारखा लक्षात ठेवा.

जानेवारी. लिंडी लम्सडेन या वटवाघळांच्या अभ्यासक बेटावरून परतल्या. जिथे पूर्वी मोठा थवा राहत असे, त्या ठिकाणी त्यांना चार वटवाघळं दिसली. संपूर्ण बेटावर फार तर वीस उरली असतील असा अंदाज होता. त्यांनी आणि तिथल्या वटवाघूळ अभ्यासकांच्या संघटनेने सरकारला सांगितलं, उरलेली पकडा, सुरक्षित ठिकाणी ठेवा, त्यांची वीण घडवा. आत्ताच करा, पुढच्या पावसाळ्यापर्यंत काही उरणार नाही.

सरकारने नकार दिला नाही. सरकारने तज्ज्ञांची समिती नेमली. समितीने पाहणी केली, चर्चा केली, अहवाल लिहिला. इतकं छोटं वटवाघूळ पिंजऱ्यात जगेल का? खर्च किती येईल? एकाच प्राण्यावर लक्ष द्यायचं, की सगळ्या बेटाचा विचार करायचा? यातला एकही प्रश्न मूर्खपणाचा नव्हता, हे मी मुद्दाम सांगतो. समितीत बसलेली माणसं जाणकार होती. पर्यावरण खात्याचे मंत्री होते पीटर गॅरेट, राजकारणात येण्याआधी पर्यावरणाच्या चळवळीत वर्षानुवर्षं काम केलेला माणूस. या गोष्टीत खलनायक शोधू नका, तो सापडणार नाही. 

१ जुलै. मंत्र्यांनी जाहीर केलं, वटवाघळं पकडायचा प्रयत्न करू.

ऑगस्ट. अभ्यासकांचं पथक बेटावर पोहोचलं. जाळी लावली, सापळे लावले, ध्वनियंत्रं लावली. जवळजवळ महिनाभर रोज रात्री माणसं जागली. यंत्रात एकच आवाज येत होता. एकच वटवाघूळ. ते यायचं, आपल्या वाटेने जायचं, जाळ्यात येत नव्हतं. २६ ऑगस्टच्या रात्री ते शेवटचं ऐकू आलं. पथक त्यानंतरही थांबलं, यंत्रं चालूच होती. यंत्रांत काही आलं नाही.

सप्टेंबरमध्ये मंत्र्यांनी मोहीम अयशस्वी झाल्याचं सांगितलं. पुढे आठ वर्षं कुणालाही त्याचा माग लागला नाही, आणि २०१७ मध्ये जागतिक निसर्ग संवर्धन संघाने, म्हणजे आययूसीएनने, ही जात नामशेष झाल्याचं जाहीर केलं.

जानेवारीत वीस. ऑगस्टमध्ये एक. मधल्या सात महिन्यांत काय चाललं होतं? विचार चालला होता.

कुणी म्हणेल, जानेवारीत पकडली असती तरी जगली असती कशावरून? बरोबर आहे, खात्री नव्हती. म्हणून मी तुम्हाला त्याच बेटावरची, त्याच काळातली दुसरी हकिगत सांगतो. तिथल्या दोन जाती, एक निळ्या शेपटीचा सरडा आणि एक पाल, याच वेगाने संपत चालल्या होत्या. २००९ पासून त्यांचे उरलेसुरले जीव पकडून आणले गेले. काही बेटावरच ठेवले, काही सिडनीच्या प्राणिसंग्रहालयात पाठवले. आज त्या दोन्ही जाती जिवंत आहेत. रानात नाहीत, पण पिंजऱ्यात शेकड्यांनी आहेत, आणि त्यांना पुन्हा मोकळं सोडण्याचे प्रयत्न चालू आहेत. तिसरी एक जात, तिथला रानसरडा, हाती लागला तेव्हा तिघेच मिळाले. तिन्ही माद्या. शेवटची मादी ३१ मे २०१४ रोजी मेली.

या तिन्ही जातींना मारणारं कारण तेव्हा नक्की ठाऊक नव्हतं. तरीही दोन वाचल्या. कारण ठाऊक झाल्याशिवाय उपाय करता येत नाही, हे आपण सगळे शाळेत शिकलो. इथे ते लागू पडत नाही. आग कशी लागली याचा पंचनामा सावकाश करता येतो, माणसं आधी बाहेर काढावी लागतात. निरीक्षण म्हणजे संरक्षण नव्हे. मोजणं म्हणजे वाचवणं नव्हे. किती उरले म्हणजे आपण हालचाल करायची, तो आकडा मोजायला लागण्याआधी ठरलेला नसेल, तर मोजणारा माणूस शेवटी शून्य मोजतो. आजच्या व्याख्यानातलं मला सांगायचं ते एवढंच आहे. पुढचं सगळं याच एका गोष्टीसाठी आहे.

आता आपल्याकडे येऊ.

बेट म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे समुद्र येतो. पण वटवाघळाच्या दृष्टीने गुहा हेही बेटच असतं. बेळगाव जिल्ह्यात खानापूर तालुक्यात, भीमगडच्या जंगलात, तळेवाडीजवळ बारापेडेच्या गुहा आहेत. म्हादई जिथे उगम पावते तो हा मुलूख, आणि तिथल्या गावांत मराठी बोलली जाते. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने हिंदुस्थानातल्या सस्तन प्राण्यांचं मोठं सर्वेक्षण हाती घेतलं. त्या काळात या गुहेत एक अनोखं वटवाघूळ सापडलं. मोठे कान, लांब अरुंद पंख, शेपटीचं टोक पडद्याबाहेर मोकळं. १९१३ मध्ये त्याचं वर्णन झालं आणि त्याला रॉटन या वनाधिकाऱ्याचं नाव मिळालं.

त्यानंतर ऐंशीहून अधिक वर्षं हे वटवाघूळ जगात दुसरीकडे कुठेही सापडलं नाही. सगळी जात एका गुहेत! विचार करा. एखाद्या उन्हाळ्यात कुणी त्या गुहेत धूर केला असता तर? दगडासाठी सुरुंग लावला असता तर? पुढे कंबोडियात एक सापडलं, मग मेघालयातल्या गुहांत सापडलं, तेव्हा अभ्यासकांचा जीव भांड्यात पडला. भीमगड २०११ मध्ये अभयारण्य झालं. १९१३ ते २०११. इतका उशीर होऊनही ही जात राहिली, ती गुहा दुर्गम होती म्हणून. दुर्गमतेने वाचवलं, आपण नव्हे. आणि दुर्गमता आता कुठेच उरलेली नाही.

मुंबईच्या त्याच सोसायटीची आणखी एक गोष्ट सांगतो. १९४८ मध्ये तमिळनाडूच्या डोंगरात एक फळखाऊ वटवाघूळ पकडलं गेलं आणि सोसायटीच्या संग्रहात आलं. नेहमीच्याच एका जातीची चिठ्ठी लावून ते ठेवलं गेलं. १९७२ मध्ये एका थाई अभ्यासकाने ते नीट तपासलं, आणि ती जगाला माहीत नसलेली जात निघाली. तिला सलीम अलींचं नाव मिळालं. चोवीस वर्षं ती आपल्या कपाटात होती. जे आपल्याजवळ आहे त्याची ओळखच नसेल, तर ते गेल्याचं कुणाला कळणार?

आणि आता नगर.

मंडळी, आपल्या जिल्ह्यातही एक बेट होतं, गवताचं बेट. कर्जत, श्रीगोंदा, नेवाशाचे माळ आणि पलीकडे सोलापूरचे माळ. त्यावर माळढोक होता. नर पंधरा किलोपर्यंतचा, उडणाऱ्या पक्ष्यांतल्या सर्वांत वजनदार पक्ष्यांपैकी एक. मादी वर्षाला बहुधा एकच अंडं घालते, उघड्या जमिनीवर. सोलापूरचे निसर्ग अभ्यासक बी. एस. कुलकर्णी यांनी १९७० च्या दशकात नान्नजच्या माळावरच्या माळढोकांकडे सरकारचं आणि अभ्यासकांचं लक्ष वेधलं. १९७९ मध्ये अभयारण्य जाहीर झालं, सोलापूर आणि नगर मिळून ८,४९६ चौरस किलोमीटरचं. म्हणजे मघाच्या त्या बेटाच्या साठपटींहून मोठं.

एवढ्या मोठ्या अभयारण्यात माळढोक का राहिला नाही?

कारण ते अभयारण्य नकाशावर होतं. त्या रेषेच्या आत गावं होती, बाजारपेठा होत्या, लोकांच्या मालकीची शेतं होती. शेतकऱ्याला जमिनीचा व्यवहार करताना अडचणी आल्या, आणि त्याचा राग पक्ष्यावर निघाला. त्या शेतकऱ्याला मी दोष देणार नाही. त्याला विचारून रेषा ओढलेली नव्हती. त्याच काळात कालव्यांचं पाणी आलं, ज्वारी-बाजरीच्या जागी ऊस आला, माळ नांगरले गेले. उरलेले माळ महसुली दप्तरात पडीक म्हणून लावलेले. पडीक जमिनीचं काय करायचं? कुणी तिथे कारखाना मागितला, कुणी खडी मागितली, आणि कुणी अगदी चांगल्या हेतूने तिथे झाडं लावली. माळढोकाला झाडं नकोत, त्याला गवत हवं. पुढे विजेच्या तारा आल्या. या पक्ष्याचे डोळे डोक्याच्या बाजूंना असल्यामुळे त्याला समोरची तार वेळेवर दिसत नाही, आणि एवढं जड शरीर वळवायलाही त्याला वेळ लागतो.

अभयारण्याचं क्षेत्र पुढे सुमारे १,२२२ चौरस किलोमीटरवर आणलं गेलं. तोवर पक्षी गेलेला होता. नान्नजला एखादी मादी दिसली की वर्तमानपत्रात बातमी येते. कर्जत-श्रीगोंद्यात तर बातमीही नाही. १९६९ मध्ये देशात माळढोकांची संख्या सुमारे १,२६० असावी असा अंदाज होता. आज ती दीडशेच्याही आत आहे, आणि त्यातले बहुतेक सगळे राजस्थानात आहेत. दरवर्षी आपण माळढोक मोजत होतो. पक्षिमित्र मोजत होते, वनखातं मोजत होतं, मोजदादीच्या बातम्या येत होत्या. पन्नास उरले तर काय करायचं, दहा उरले तर काय करायचं, हे कुठे लिहिलेलं होतं? ख्रिसमस बेटावर जे सात महिन्यांत झालं ते आपल्याकडे चाळीस वर्षांत झालं. वेग वेगळा, रीत तीच.

राजस्थानात जैसलमेरजवळ २०१९ पासून रानातली अंडी उचलून कृत्रिम रीतीने पिल्लं वाढवण्याचं काम सुरू झालं, आणि ते चांगलं चाललं आहे. याचा मला मनापासून आनंद आहे. पण हाच विचार देशाने वीस वर्षं आधी केला असता, तर आपल्या माळावरचे पक्षीही त्यात असते. ते रक्त आता परत येणार नाही.

तुम्ही म्हणाल, मग काय उरलं आपल्याकडे? खूप उरलं आहे. कर्जत तालुक्यात रेहेकुरीचं काळवीट अभयारण्य आहे. १९८० मध्ये झालेलं, अवघं सव्वादोन चौरस किलोमीटर. चहूबाजूंनी शेती, मधे गवताचा तुकडा आणि त्यात काळवीट. त्या लहान तुकड्याने जे साधलं, ते आठ हजार चौरस किलोमीटरच्या रेषेला साधलं नाही. कारण तिथे गवत खरोखर राखलं गेलं, आणि आसपासच्या लोकांनी काळवीट आपले मानले. माळांवर लांडगे आहेत, खोकड आहेत, तणमोर एखाद्या पावसाळ्यात अजूनही दिसू शकतो. आणि निराश होऊ नका म्हणून सांगतो, आपल्याच राज्यात रानपिंगळा हा घुबडाचा प्रकार १८८४ नंतर कुणालाच मिळाला नव्हता. तो १९९७ मध्ये आताच्या नंदुरबार जिल्ह्यात शहाद्याजवळ पुन्हा सापडला.

आणि आपली वटवाघळं? भारतात वटवाघळांच्या सव्वाशेहून अधिक जाती आहेत. अकोले तालुक्याच्या डोंगरातल्या गुहा, जुन्या बारवा, पडके वाडे, किल्ल्यांची तळघरं, गावाबाहेरचे वड-पिंपळ ही सगळी त्यांची घरं. कीटक खाणारं वटवाघूळ एका रात्रीत आपल्या वजनाच्या निम्म्याएवढे कीटक सहज खातं. त्या कीटकांत तुमच्या कपाशीवरचा, मक्यावरचा, तुरीवरचा पतंग असतो. फवारणीचा खर्च तुम्हाला ठाऊक आहे, वटवाघूळ बिल पाठवत नाही म्हणून त्याचा हिशेब कुणी ठेवत नाही. फळखाऊ वटवाघळं वड, उंबर, जांभळाचं बी डोंगरभर पसरवतात. तरीसुद्धा १९७२ च्या वन्यजीव कायद्यात फळखाऊ वटवाघळांना उंदीर-कावळ्यांबरोबर उपद्रवी प्राण्यांच्या यादीत टाकलं होतं, आणि ती यादी रद्द व्हायला २०२२ ची दुरुस्ती यावी लागली. पन्नास वर्षं!

लोकांच्या मनात भीती आहे, ती मी झटकून टाकणार नाही. २०१८ मध्ये केरळात निपाह आला. महाबळेश्वरच्या एका गुहेतल्या वटवाघळांत निपाहच्या विषाणूची खूण सापडल्याचं पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने २०२१ मध्ये सांगितलं. करोनाच्या काळात तर वटवाघळं बसलेली झाडंच तोडावीत, अशी मागणी कुठे कुठे झाली. याला उत्तर सोपं आहे. वटवाघळाला हात लावू नका, त्याने उष्टं केलेलं फळ खाऊ नका, त्यांच्या गुहेत गर्दी करू नका. आणि त्यांना हुसकावू नका. झाड तोडलं, धूर केला, की घाबरलेली वटवाघळं गावभर विखुरतात. जो संपर्क टाळायचा, तोच वाढतो.

गेल्या काही वर्षांत तरुण मंडळी बारवा साफ करतात. फार मोलाचं काम आहे. त्यांना माझी एकच विनंती, गाळ काढण्याआधी कोनाड्यांत आणि कमानींत बॅटरीचा मंद झोत टाकून पाहा. वटवाघळं असतील, तर पिल्लांचे दिवस सरेपर्यंत तेवढा भाग सोडा. पारनेरच्या डोंगरावर पवनचक्क्या फिरतात. जगभर पवनचक्क्यांखाली मेलेली वटवाघळं सापडतात. आपल्याकडे सकाळी त्यांच्या पायथ्याशी जाऊन कुणी पाहिलं आहे का? नगरच्या महाविद्यालयांतले प्राणिशास्त्राचे विद्यार्थी इथे बसले आहेत. हा विषय तुमच्यासाठी आहे, तो कुणीही तुमच्या आधी घेऊ नये अशी माझी इच्छा आहे.

आता शेवटचं. २००२ च्या जैवविविधता कायद्याप्रमाणे प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असावी लागते, आणि तिने लोक जैवविविधता नोंदवही ठेवायची असते. माधव गाडगीळ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या नोंदवहीसाठी किती वर्षं खर्ची घातली, ते अनेकांना माहीत असेल. तुमच्या गावातही कागदावर ही समिती असेल. नोंदवहीही असेल. माझं मागणं हे आहे. पुढच्या ग्रामसभेत ती नोंदवही मागा. तिच्यात तुमच्या गावचा माळ आहे का, बघा. वटवाघळांचं झाड आहे का, बारव आहे का, गुहा आहे का, बघा. नसेल तर लिहायला लावा. आणि नुसतं लिहून थांबू नका. त्या नोंदीपुढे आणखी एक ओळ लिहून घ्या. हे निम्म्यावर आलं तर गाव काय करील, कुणाला कळवील, किती दिवसांत. ती ओळ ठरावात मांडा, तिच्यावर सही घ्या, आणि पुढच्या वर्षी त्याच ग्रामसभेत ती वाचून दाखवा.